हंगेरियन व्याकरणाचा जळफळाट

मी एक जुना हंगेरियन व्याकरणग्रंथ आहे. दचकू नका, मित्रांनो. चामोर्शीच्या बाजारात तांदूळ मिळतो, मिरची मिळते, बांबूच्या टोपल्या मिळतात. हंगेरियन व्याकरण मिळत नाही, हे मलाही ठाऊक आहे. म्हणूनच या सगळ्या मुलखात मी एकुलता एक होतो. एकुलत्या एकाला हेवा म्हणजे काय ते कळत नाही. पुढे मला ते चांगलेच कळले. ते दुखणे अजून पुरते गेलेले नाही.

माझा जन्म दूर बुडापेस्ट शहरातल्या एका छापखान्यात झाला. परदेशी माणसांना हंगेरियन शिकता यावे म्हणून माझ्यात समजावणी इंग्रजीत आणि उदाहरणे हंगेरियनमध्ये छापली गेली. निळी कापडी बांधणी, दोऱ्याची पक्की शिवण आणि पाठीवर सोनेरी अक्षरे, असा माझा थाट होता. पण माझी खरी दौलत म्हणजे तक्ते. नामाला लागणारे प्रत्यय, क्रियापदांची रूपे, सगळे आपापल्या चौकटीत. चौकटीबाहेर एक अक्षर सांडू द्यायचे नाही, ही आमच्या घराण्याची शिस्त.

मला इकडे आणले गुणवंतरावांनी. ते मत्स्यखात्यात अधिकारी होते. तरुणपणी त्यांना माशांची पैदास शिकायला सरकारने हंगेरीला पाठवले होते. परत येताना रेल्वे स्टेशनवरच्या दुकानात त्यांनी मला घेतले आणि चामोर्शीच्या घरी दिवाणखान्यातल्या काचेच्या कपाटात, पितळी हरणाच्या शेजारी उभे केले. पाहुणे आले की गुणवंतराव मला बाहेर काढायचे, पाठीवर थाप मारायचे आणि सांगायचे, "हंगेरियनमध्ये 'घरात' म्हणायला एकच शब्द लागतो. एकच!" पाहुणे माना डोलवायचे. मराठीतला 'घरात' हाही एकच शब्द आहे, हे त्यातल्या एकाच्याही लक्षात आले नाही. गुणवंतराव माझ्या दुसऱ्या प्रकरणाच्या पुढे कधी गेले नाहीत, हेही कोणाच्या लक्षात आले नाही. मी कशाला सांगू? कौतुक दोघांचेही होत होते.

पुढे गुणवंतराव निवृत्त झाले, पाहुणे कमी झाले. कपाटात मोठा टीव्ही आला. मला आधी माळ्यावर ठेवले, मग हलणाऱ्या कूलरच्या पायाखाली सारले. त्या काळात माझी पाठ ओलीने फुगली आणि सोनेरी अक्षरे गळून गेली. तरी, मित्रांनो, मी कोणाचा हेवा केला नाही. कूलरचा हेवा कोण करतो?

अशा दिवसांत एका सकाळी गोविंदा आला. जवळच्या गावातल्या तलावावर मासेमारी करणारा हा माणूस. त्याच्याबरोबर त्याची मुलगी रंजीता होती. तिने मत्स्यशास्त्राची पदवी घेतली होती. गावच्या मच्छीमार सोसायटीला माशांचे बी, म्हणजे तळ्यात सोडायची इवली पिल्ले, दरवर्षी बाहेरून आणावे लागे आणि वाटेतच ते निम्मे मरून जाई. रंजीताने गेल्या साली गावाशेजारच्या बोडीत, म्हणजे छोट्या तळ्यात, कापडी जाळ्या बांधून जिऱ्याएवढी पिल्ले सोडली आणि त्यांची बोटाएवढी बोटुकली करून दाखवली. त्याचे फोटो बघून हंगेरीतल्या एका मत्स्यफार्मने तिला वर्षभर शिकायला बोलावायची तयारी दाखवली. अट एकच होती. तिथले कामगार हंगेरियनशिवाय काही बोलत नाहीत, म्हणून फार्मचा मुख्य माणूस तिच्याशी फोनवर हंगेरियनमध्ये बोलणार. त्याला पटले तर ती जागा तिची, नाही तर दुसऱ्या कोणाची.

"साहेब, पोरीले तिकडची भाषा पायजे," गोविंदा म्हणाला. "तुम्ही तर जाऊन आले ना तिकडं."

"भाषा? अरे, पूर्ण व्याकरण आहे माझ्याकडं," गुणवंतराव म्हणाले. "अथपासून इतिपर्यंत वाचलेलं."

कूलरखालून मी सगळे ऐकत होतो.

मला ओढून काढले तेव्हा कूलर एका बाजूला कलंडला आणि घरात पाणी सांडले. रंजीताने ओढणीने माझी धूळ पुसली. इतक्या वर्षांत मला कोणी ओढणीने पुसले नव्हते. त्याच क्षणी मी ठरवले की ही मुलगी माझी.

मित्रांनो, ते माझे सोन्याचे दिवस होते. रंजीता पहाटे अंगणात बसून माझे तक्ते पाठ करी. हंगेरियनमध्ये पाण्याला 'वीज़' म्हणतात. 'वीज़बेन' पाण्यात, 'वीज़ेन' पाण्यावर, 'वीज़ब्योल' पाण्यातून. तिची आत्या गोकुळा चुलीपाशी मासळी साफ करता करता ऐकायची.

"काय म्हणते वं हे?"

"पाणी, आत्या. पाण्याले वीज़ म्हणतेत तिथी."

"बाप्पा!" गोकुळाआत्याने हातातला विळा खाली ठेवला. "मंग तू त्या पाण्यात उतरशील कशी?"

गोविंदा हसला, रंजीता हसली. मीही माझ्या परीने हसलो. घरातले सगळे माझ्याभोवती बसत होते. रात्री जेवणे झाली की रंजीता मला उशाशी घेऊन झोपायची. तिचे बोट माझ्या कोणत्या तक्त्यावर किती वेळ थांबते हे मला पाठ झाले होते. मासे, पाणी, जाळे, बाप, आत्या असे तिच्या घरातले सगळे शब्द माझ्या प्रत्ययांचे अंगरखे घालून फिरू लागले. पंधरवडा गेला, महिना गेला. गुणवंतरावांनी तिची परीक्षा घेतली. उत्तरे माझ्यातच बघून तपासली आणि म्हणाले, "एक चूक नाही! पोरगी हंगेरीत जन्मली असती तरी इतकं आलं नसतं."

त्यानंतर एक सरावाचा फोन ठरला. फार्मवरच्या कार्यालयातली एक बाई आधी पाच मिनिटे बोलणार, म्हणजे खऱ्या मुलाखतीच्या वेळी भीती राहायला नको. गावात मोबाइलची रेंज तेव्हा फक्त तलावाच्या पाळेवर, म्हणजे बांधावर, मिळायची, म्हणून रंजीता मला घेऊन पाळेवर बसली. बाईने हसून विचारले, "तुमच्याकडे माशांना खायला कोण घालतं?"

रंजीता एकेक शब्द तोलून बोलली, "ऑपाम ऑ हॉलॉकॉत एतेति." म्हणजे, माझे बाबा माशांना खाऊ घालतात. माझ्या तक्त्यांप्रमाणे त्यात कुठेही बोट ठेवायला जागा नव्हती. प्रत्यय बरोबर, रूप बरोबर.

पलीकडे बाई खुदकन हसली. मग बाई म्हणाली, "माशांनाच? आणि तुला उपाशी ठेवतात का?"

बाई गमतीनेच म्हणाली होती. पण रंजीताला आपण काय चुकलो ते कळेना, मग पुढची वाक्येही घसरत गेली. शेवटी बाईने विचारले, "ती बोटुकली कोणी वाढवली?" रंजीता म्हणाली, "फेल्न्योत्तेक." म्हणजे, मोठी झाली. बाई 'बरं, बरं' म्हणाली आणि फोन ठेवला. रंजीता किती वेळ पाण्याकडे बघत बसली. मग तिने मला उघडले, ते पान काढले आणि पुटपुटली, "बरोबर तर आहे!"

बरोबर तर होतेच, मित्रांनो! मी ओरडून सांगत होतो. पण छापील ओरडणे कोणाला ऐकू येते?

दुसऱ्या दिवशी लालसू आला, आणि माझ्या सुखाला नजर लागली. लालसू हा हेमलकशाकडचा माडिया मुलगा, गडचिरोलीच्या कॉलेजात रंजीताबरोबर शिकलेला. आता भामरागडकडच्या एका शाळेत मुलांना शिकवतो आणि त्यांच्यासाठी माडियात वाचनाची छोटी पुस्तके लिहितो. रंजीताने त्याला फोनवर रडगाणे सांगितले होते. पुस्तके लिहायला शिकताना एका कार्यशाळेत मिळालेली एक वस्तू त्याने पिशवीतून काढली. तिला पुस्तक म्हणायला माझी जीभ रेटत नाही. झेरॉक्स कागदांचे पातळ चोपडे होते ते. शिवण नाही, बांधणी नाही. पाठीच्या जागी प्लॅस्टिकची वळी. पहिल्या पानावर चहाच्या कपाचा गोल डाग, आणि त्या डागाच्या मधोमध नाव: 'वाक्य काय काम करते?'

वाक्य काय काम करते म्हणे! जसे वाक्य रोजगार हमीवर गेले आहे.

त्यात एकही तक्ता नव्हता. नुसते प्रश्न. भाषेकडे तिच्या कामावरून बघायचे, असा त्या चोपड्याचा पंथ. कोण बोलतंय? कोणाशी? ऐकणाऱ्याला आधीच काय ठाऊक आहे? तो कशाची वाट बघतोय? उदाहरणे बरीचशी हंगेरियन होती, माझ्याच घराण्यातली! आमच्या अंगणातले आंबे तोडून चोपडे आमच्याच समोर खात होते.

"तुझं वाक्य चुकलं नाई," लालसू तिला म्हणाला. "पण तिनं विचारलं, कोण? अन् तू सांगून राह्यली, कोणाले."

"मी तर आपल्यावानी म्हटली. बाबा माशाले खाऊ घालतेत."

"आपल्यात चालते. तिथी क्रियापदाच्या अगदी आधी एक पाट मांडून ठेवला असते. ज्याची लोकं वाट पाहून राह्यले, त्यालेच त्या पाटावर बसवाचं. बाईले पायजे होता बाप, तू बसवली मासोळी. मंग ते हसन नाई तर काय करन?"

'ऑपाम एतेति ऑ हॉलॉकॉत.' बाबा पाटावर, मासे मागे. शब्द तेच, प्रत्यय तेच. रंजीताने म्हणून बघितले, आणि तिच्या चेहऱ्यावर जो उजेड पडला तो माझ्या तक्त्यांवर कधी पडला नव्हता.

तिथून माझा जळफळाट सुरू झाला. चोपड्याला प्लॅस्टिकचे कव्हर चढले. मी ओलीने फुगलो तेव्हा मला साधा वर्तमानपत्राचा कागद मिळाला नव्हता. चोपड्याला दोरीने पेन बांधले. रंजीता त्याला घेऊन पाळेवर जाई. न्यायची मलाही, पण कशाला? वाऱ्याने चोपड्याची पाने उडू नयेत म्हणून वजन ठेवायला! कूलरखाली होतो तेव्हा निदान कूलरच्या मोटरची थरथर तरी अंगात होती. इथे मी झेरॉक्सचा चौकीदार झालो होतो.

माणसे कशी असतात बघा. मी शंभर गोष्टी दिल्या, त्या कोणाला दिसल्या नाहीत. चोपड्याने एक गोष्ट दिली आणि गावभर त्याचे नाव. गोकुळाआत्यासुद्धा म्हणू लागली, "ते बारीकवालं पुस्तक चांगलं हाये बाई. जाडं नुसतं जाडं हाये."

तरी चोपड्यालाही एक जागा अडली, आणि तेव्हा मला मनापासून बरे वाटले. लालसूने सरावासाठी तोच प्रश्न विचारला, "बोटुकली कोणं वाढवली?"

"फेल्न्योत्तेक. मोठी झाली."

"कोणं वाढवली?"

"सोसायटीनं."

"सोसायटी रोज सकाळी बोडीत उतरत होती का? कोणं?"

"काय रे तू! झालं ना. झाली ती मोठी." रंजीता चिडली. "आपणच आपलं नाव घ्याचं का? लोक काय म्हणन?"

लालसूने चोपडे मिटले. मग म्हणाला, "त्यांनी फोटो पाह्यले, रंजीता. कोणाले बोलवाचं हेच ते इचारून राह्यले. तू नाव नाई सांगशील, तर ते सोसायटीले बोलवतीन का?"

हा घोळ खरे तर माझाही होता. माझ्यात ठळक अक्षरांत लिहिले आहे की हंगेरियनमध्ये 'एन', म्हणजे 'मी', बहुतेक गाळतात, कारण क्रियापदाच्या शेपटीवरूनच 'मी' कळतो. रंजीताला तो नियम फार आवडला होता. तिच्या स्वभावाला तो मापात बसला. चोपडे मात्र सांगत होते की 'मी' हेच उत्तर असेल तर तो गाळायचा नाही, पाटावर बसवायचा. तसे माझ्यातही ते आहे बरे का! तळटीपेत, बारीक अक्षरांत. पण तळटीप कोण वाचतो?

खऱ्या मुलाखतीच्या आदल्या दिवशी तलावात मोठे जाळे टाकले होते. मोठी मासळी विक्रीला गेली, उरलेल्या मासळीचे जाळे ओढणाऱ्यांत वाटे घालायचे होते. आमच्या गावात त्याची एक रीत आहे. पाळेवर पळसाच्या पानांवर वाटे मांडतात. एकाने त्यांच्याकडे पाठ करून पाण्याकडे तोंड करायचे. दुसऱ्याने एका वाट्यावर काडी ठेवून विचारायचे, "हा कोणाचा?" पाठमोऱ्याने एक नाव घ्यायचे. ज्याचे नाव निघाले, त्याचा तो वाटा. कुरकूर करायची नाही. हाक देणाऱ्याने मात्र स्वतःचे नाव कधी घ्यायचे नाही. शेवटी उरेल तो वाटा त्याचा.

रंजीता शाळेत होती तेव्हापासून हाक तीच देते, कारण ती कोणाची बाजू घेत नाही. आणि काडी ठेवतात सोसायटीतले सर्वांत वडीलधारे बापूजी. मी कित्येक आठवडे पाळेवर पडून हे पाहिले आहे. बापूजींचा हात आधी रोहूच्या वाट्याकडे जातो, मग कटल्याकडे. शेवटी जो उरतो त्यात काटेच जास्त. बापूजींच्या मनात कपट नाही. हातालाच चांगले आधी दिसते. रंजीताने मात्र एवढ्या वर्षांत काट्यांशिवाय काही खाल्ले नव्हते, आणि तिच्या लक्षातही ते आले नव्हते.

त्या दिवशी ती पाठमोरी उभी राहिली. चोपडे पाळेवर होते, त्याच्यावर मी.

"हा कोणाचा?" बापूजींनी काडी ठेवली. खाली जाडजूड रोहू होता.

रंजीता पाण्याकडेच बघत होती. पाण्यावरून बगळा उडाला, तो पार पलीकडे जाऊन बसला.

"अवं, हा कोणाचा?"

"माझा," रंजीता म्हणाली.

पाळेवर गलका झाला. "आपलं नाव घेते का वं?" "हाक देणाऱ्याचं असं नसते!" "फॉरेनले जाची आहे ना, तिथलं शिकून राह्यली!" गोविंदा खाली मान घालून जाळ्याच्या गाठी सोडवू लागला.

"पोरी," बापूजी म्हणाले, "रीत मोडली तू."

"रीत काय मोडली, बापूजी?" गोकुळाआत्या पुढे झाली. "लहानपणापासून काट्याचा वाटा खाऊन राह्यलं लेकरू. एक डाव रोहू खाल्ला तर तलाव आटन का तुमचा?"

बापूजी हसले. मासळी बघून हसावे तसे, थोडे हावरे, थोडे प्रेमळ. "ठीक आहे. पण तुले काय माहीत, वाटा कोणता हाये ते? पाठ तर तिकडं होती. मी सगळे वाटे फिरवतो. मंग पुन्हा म्हण माझा. हिंमत आहे?"

त्यांनी पानांच्या जागा बदलल्या. रंजीताने मागे वळून पाहिले नाही. बापूजी एकेका वाट्यावर काडी ठेवत गेले, ती एकेक नाव घेत गेली. मध्येच एकदा, कोणाला अपेक्षा नसताना, ती म्हणाली, "माझा!"

काडीखाली काट्यांचाच वाटा होता. सगळी पाळ हसून लोटपोट झाली. बापूजींना इतका खोकला आला की पाणी द्यावे लागले. रंजीताने वळून आपला वाटा पाहिला आणि तीही हसली. मग पळसाचे पान उचलून म्हणाली, "काट्याचा काऊन असेना, बापूजी. या डावाले मी म्हटलं, माझा."

तेव्हा कुठे गोविंदाने मान वर केली.

दुसऱ्या दिवशी दुपारी मुलाखत झाली. अर्धे गाव पाळेवर जमले होते. बापूजींनी सगळ्यांना तोंडावर बोट ठेवून बसवले होते, आणि स्वतःच मधून मधून खाकरत होते. व्हिडिओ कॉल होता, म्हणून फोन उभा करायला टेकू हवा होता. कोण असणार? मीच! फोन माझ्या छातीला टेकवला आणि चोपडे मात्र उघडे, रंजीताच्या डोळ्यांसमोर. मुलाखतभर मला फोनची पाठ दिसली, चोपड्याला रंजीताचा चेहरा. आता तुम्हीच सांगा, जळू नको तर काय करू?

पलीकडच्या माणसाचा आवाज जाड आणि संथ होता. गाव कोणते, तलाव किती खोल, पाणी कधी आटते, असे त्याने विचारले. रंजीता थांबत थांबत बोलली, पण बोलली. माशांना खायला कोण घालते, असेही त्याने विचारले. बाबा पाटावर बसले, मासे मागे. या वेळी पलीकडे कोणी हसले नाही.

मग रंजीताने बोटुकलीची बरणी फोनसमोर धरली. माणसाने ती आणखी जवळ धरायला सांगितली.

"कि नेवेल्ते एझेकेत?" यांना कोणी वाढवले?

रंजीताने बापूजींकडे पाहिले, बापाकडे पाहिले. बरणीतली बोटुकली काचेवर तोंड आपटत होती. इथे ती पुन्हा 'मोठी झाली' म्हणाली असती, तर जागा गेलीच होती. सगळ्या पाळेला ते ठाऊक होते, हंगेरियनचे एक अक्षर न येता.

"एन," रंजीता म्हणाली. मग मोठ्याने, "एन नेवेल्तेम."

मी वाढवले.

त्या माणसाने 'यो' म्हटले. 'यो' म्हणजे चांगले. मग तो बराच वेळ बोलत राहिला. रंजीता माना डोलवत होती आणि तिचे डोळे भरले होते. बापूजींनी तेवढ्यात काही न समजता टाळी वाजवली, म्हणून मग सगळ्यांनीच वाजवली.

जागा तिला मिळाली. गावाने चोपड्याला हळदकुंकू लावले. हो, खरोखर लावले! माझ्यावर कोणी अक्षतासुद्धा टाकल्या नाहीत. मित्रांनो, तुम्ही हिशेब करा. 'एन' चोपड्याचा, मान्य. पण 'नेवेल्तेम' कोणाचा? क्रियापदांच्या तिसऱ्या तक्त्यातला, माझा! नुसते 'मी' म्हणून काय झाले असते? मी, मी, आणि पुढे काय? 'मी'ला पाटावर बसवले चोपड्याने, पण ताटात वाढायला भात माझ्या घरचा होता. हे तेव्हा कोणी म्हटले नाही. आज मीच म्हणतो. मागच्या साली त्या पाळेवर मीही काहीतरी शिकलोच.

जायचा दिवस आला. चोपडे लालसूचे होते, ते तो परत घेऊन गेला. त्या दिवशी मी फार वर्षांनी निर्धास्त झोपलो. आता मी एकटा, आता मी रंजीताबरोबर माझ्या जन्मगावी जाणार! बुडापेस्टच्या स्टेशनवरचे ते दुकान असेल का, असेही मनात येऊन गेले. रंजीताने मला बॅगेत कपड्यांच्या मध्ये, मऊशार जागेत ठेवलेही.

मग सोसायटीच्या काट्यावर बॅग तोलली. काटा पार पुढे गेला. काहीतरी काढायला हवे होते. एका बाजूला मी होतो, दुसऱ्या बाजूला गोकुळाआत्याने बांधलेले सुक्या झिंग्यांचे पुडके.

"झिंगे काढते," रंजीता म्हणाली. "पुस्तक लागन मले."

गोविंदा बॅगेपाशी बसला. मला हातात घेतले, उलटे केले, सुलटे केले. "रंजू, हंगेरीत हंगेरियनचं पुस्तक नाई भेटन का?"

"भेटन."

"मंग झिंगे कुठी भेटन?"

सुक्या झिंग्यांवर माझ्यात एकही प्रकरण नव्हते. चोपड्यात असते की नाही कोण जाणे. मला बाहेर काढले. माझ्या जन्मगावी सुके झिंगे गेले. विमानात बसून गेले. मी चामोर्शी तालुक्यात राहिलो, गोकुळाआत्याच्या फडताळात, तिखटाच्या डब्याशेजारी. झिंग्यांचा हेवा करणारा जगातला पहिला व्याकरणग्रंथ मीच असेन.

पण ऐका. पावसाळ्यानंतर गावात टॉवर उभा राहिला, रेंज घरात आली, आणि थंडी पडल्यावर एका संध्याकाळी गोकुळाआत्याचा फोन वाजला. रंजीताचा चेहरा, डोक्यावर लोकरी टोपी, मागे धुक्यातले मोठे तळे.

"आत्या, इथल्या नव्या पुस्तकात ते तक्ते नाई वं. मले माझंच पायजे. निळं जाडं. जरा पाह्य ना."

'माझंच' असे ती म्हणाली. माझे कान, म्हणजे पानांचे कोपरे, गरम झाले.

गोकुळाआत्या वाचत नाही. तिने फोन तिखटाच्या डब्याला टेकवला आणि मला त्याच्यासमोर धरले, आधी उलटे. "सुलटं कर, आत्या. पुढं जा. आणखी. हं, थांब. आता हलू नको." आत्या श्वास रोखून, दोन्ही हातांनी मला धरून उभी राहिली. रंजीता दुरून माझा तिसरा तक्ता वाचू लागली. धरून धरून आत्याचे हात अवघडले, पान खाली सरकू लागले. "दुखून राह्यलं का वं?"

"मले काय दुखते? तू वाच. पण तिथी बर्फात पाण्यात उतरू नको बाप्पा."

आता दर आठवड्याला असे होते. आत्या मासळी साफ करत असली तर हात लुगड्याला पुसते आणि मला उचलते. मित्रांनो, तुम्हाला एकच सांगणे आहे. घरातले जुने पुस्तक ओलीपासून जपा, वाळवीपासून जपा, पण फार जपून कपाटात बंद करू नका. आणि नवे पुस्तक घरात आले की जुन्याला वजन म्हणून वापरू नका. त्यालाही मधून मधून उघडा, त्याच्या तळटिपाही वाचा. कोण कधी कशाला उपयोगी पडेल, ते पुस्तकालाही आधी ठाऊक नसते.

मी सुखी आहे. माझ्या पानांना आता मासळीचा वास येतो, आणि दोन पाने खवल्याने एकमेकांना चिकटली आहेत. त्या चोपड्याला असा वास येतो का, एकदा त्या लालसूला विचारा बरे!